जुन्या तबकड्या डिजिटाइज करणं हे करिअर होऊ शकतं का?

रेवा_साउंड: साउंड इंजिनिअरिंगचं शेवटचं वर्ष. आजोबांच्या ट्रंकेत ग्रामोफोनच्या साठेक तबकड्या सापडल्या, मिनिटाला ७८ फेरे घेणाऱ्या, ७८ वाल्या, आणि तेव्हापासून प्रोजेक्ट बाजूला ठेवून मी त्यांच्याच मागे लागलेय. यावर पोट भरतं का कुणाचं? घरचे म्हणतात भंगारवाला बरा.

खरखर: भरतं, पण जेमतेम. तीस वर्षं हेच करतोय, मधे लग्नांचे साउंड पण केले. गुरगावला एथ्नोम्युझिकॉलॉजीचं, म्हणजे वेगवेगळ्या समाजांच्या संगीताच्या अभ्यासाचं, आर्काइव्ह आहे, १९८२ साली सुरू झालेलं, आकाशवाणीचा स्वतःचा मोठा साठा आहे, पण जागा कमी निघतात, बाकी मग संग्राहकांची खाजगी कामं. आणि यात निम्मा वेळ धुण्यात आणि नोंदी करण्यात जातो हे आत्ताच सांगतो. एलपीची, म्हणजे नंतरच्या ३३ फेऱ्यांच्या तबकडीची, सुई लावू नकोस, ७८ ची खाच रुंद असते, साधारण तिप्पट जाड सुई लागते. मास्टर कॉपी भरपूर तपशील टिकेल अशी, २४ बिट ९६ किलोहर्ट्झ, खरखर अजिबात न काढता. सफाई करायची ती दुसऱ्या कॉपीवर.

पांढरी_दोन: स्पीडचं पण सांगा की! लेबलवर ७८ असलं तरी सुरुवातीच्या कितीतरी ७८ च्या नसतात. ७४ ला रेकॉर्ड केलेली ७८ ने वाजवली की काळी एकची बाई जवळजवळ पांढरी दोनला जाते, म्हणजे हार्मोनियमवर एक पट्टी वर, गळा पण बारीक होतो, आणि लोक म्हणतात काय तरुण आवाज होता हो.

रेवा_साउंड: अय्यो. मी सगळ्या ७८ नेच घेतल्या 😬 आणि काका, एक तबकडी स्पिरिटने पुसली, फार मळली होती म्हणून.

खरखर: अगं!! ती लाखेची असते. सुतार लाखेचं पॉलिश कशात विरघळवतो? स्पिरिटमध्येच ना. डिस्टिल्ड वॉटर, थोडा सौम्य साबण, मऊ ब्रश, लेबल कोरडं ठेवायचं, मग उभी वाळवायची. ठेवायच्या पण उभ्याच, एकावर एक रचल्या की खालच्या तडकतात. कुठली होती ती?

रेवा_साउंड: लेबल उंदराने खाल्लंय. सुरुवात गेलीच आहे, नुसती खस्स. पण शेवटी बाई काहीतरी बोलते, गाणं संपल्यावर, मला वाटलं हसतेय.

खरखर: हसत नाहीये, नाव सांगतेय. १९०८ च्या आधी आपल्या तबकड्या जर्मनीत हॅनोव्हरला छापून यायच्या, तिथल्या माणसांना कोण गातंय ते कळावं म्हणून गायक शेवटी स्वतःच नाव पुकारायचे, त्या काळच्या गायिका गौहरजानचं 'माय नेम इज गौहरजान' त्यातलंच. नंतरही काहींनी ती सवय ठेवली, त्यामुळे त्यावरून साल ठरवू नकोस. लेबलच्या कडेला, जिथे खाच संपते तिथे, खोदलेला नंबर असेल, टॉर्च तिरका धरून वाच. आणि ती शेवटची दहा सेकंदं इथे टाक. परत धुवू नकोस.

पांढरी_दोन: ७४ ला, ७६ ला, ७८ ला, तिन्ही टाक.