राजा नाही, राजवाडा नाही. मग युक्रेनमधल्या प्राचीन तालियांकीला शहर म्हणायचं की नाही?

रानवाट:
युक्रेनमधल्या त्रिपिल्या संस्कृतीच्या महावस्त्या, साधारण इ.स.पू. ४१०० ते ३६००. तालियांकी सुमारे ३२० हेक्टर, नेबेलिव्का २३८, मायदानेत्स्के २००. मधे भलंमोठं मोकळं पटांगण आणि भोवती घरांची एकाबाहेर एक कडी. राजवाडा नाही, श्रीमंतांची थडगी नाहीत, लिपी नाही. पुरातत्त्वज्ञ गॉर्डन चाइल्ड यांनी १९५० साली शहराच्या दहा खुणा सांगितल्या, त्यांत लिपीही येते आणि करवसुलीही. त्या मापाने ही खेडीच ठरतात. मला ते माप चुकीचं वाटतं. हजारो माणसं राजाशिवाय एकत्र नांदली असतील, तर ते शहरच.

कुदळ:
हजारो नांदली हे कशावरून? चुंबकीय सर्वेक्षणात, म्हणजे न खणता जमिनीखालचे चुंबकीय फरक मोजून, जळक्या घरांचे ठसे दिसतात, नेबेलिव्कात चौदाशेच्या वर. पण ती सगळी एकाच वेळी उभी होती हे त्यातून कळत नाही. तिथे काम केलेले पुरातत्त्वज्ञ जॉन चॅपमन आणि बिसेर्का गैदार्स्का म्हणतात की कायमची वस्ती बेताचीच असावी, बाकीचे लोक ठरावीक मोसमात जमत असावेत. मातीत साठलेल्या जुन्या परागकणांच्या नोंदीतही आसपासचं रान फारसं तुटलेलं दिसत नाही. एवढी तोंडं बारा महिने पोसली असती तर दिसलं असतं.

रानवाट:
मोसमापुरता आलेला माणूस पाल ठोकतो. तो कुडामातीचं भक्कम घर बांधत नाही. मायदानेत्स्केच्या धान्याच्या आणि हाडांच्या समस्थानिकांवरून (एकाच मूलद्रव्याच्या वेगवेगळ्या वजनाच्या अणूंवरून) दिसतं की तिथे मटार पिकत होता आणि शेताला शेणखत पडत होतं. जमिनीला खत घालणारा पुढच्या वर्षीही तिथेच असतो.

ओसरी:
जाळण्याचाही विचार करा. नेबेलिव्कात प्रतिकृती घर बांधून पेटवलं, तेव्हा लक्षात आलं की उत्खननात मिळते तशी भाजून लाल झालेली माती हवी असेल तर घरात मुद्दाम ढीगभर लाकूड रचावं लागतं. म्हणजे ही घरं अपघाताने पेटली नाहीत, ठरवून जाळली. शेकडो घरं एकदम जाळायची तर केवढं रान लागेल! त्यामुळे एकेक, दोनदोन करत वर्षानुवर्षं जाळली असणार. मला इथे कुदळ यांचं पटतं, एकाच वेळची घरं कमी धरायला हवीत.

रानवाट:
आकडा कमी धरू, हे मान्य. निम्म्याहून कमी धरला तरी त्या काळाच्या मानाने वस्ती अवाढव्यच राहते. आणि मोसमी म्हटलं तरी माझा प्रश्न सुटत नाही. नेबेलिव्कात २०१२ साली ६० बाय २० मीटरची वास्तू उकरली, पण आत सापडलं ते बहुतेक चारचौघांच्या घरात असतं तसंच. मालकाचं वैभव कुठेच नाही. मग नवं घर कुठल्या कड्यात बांधायचं, कोणतं कधी जाळायचं, हे ठरवत कोण होतं?

कुदळ:
हा प्रश्न मात्र खरा आहे. पण त्याला "शहर" हे नाव दिलं की लोक उत्तर मिळालं असं समजतात, माझा विरोध तेवढ्यापुरता आहे.