मदत हवी आहे : आर्ट डेको इमारतीचा जिना वाचवायचा आहे

नमस्कार मंडळी. दादरच्या हिंदू कॉलनीत आमची 1930च्या दशकातली, आर्ट डेको म्हणजे गोलाई आणि भौमितिक नक्षीच्या त्या काळच्या वास्तुशैलीतली इमारत आहे. मुंबईतल्या प्लेगनंतर 1898 साली आलेल्या इम्प्रूव्हमेंट ट्रस्टने (शहरसुधारणेसाठीची ब्रिटिशकालीन संस्था) हा सगळा भाग आखला. कोपऱ्यावर गोलाईदार बाल्कन्या, खिडक्यांवरून सलग फिरलेले छज्जे. पण खरा जीव आहे जिन्यात! कठड्याच्या लोखंडी जाळीत उगवत्या सूर्याचे किरण आहेत आणि पायऱ्यांना जागेवरच ओतून घासलेलं हिरवट मोझॅक, कडेला काळी पट्टी. इतक्या वर्षांनी पुसलं की अजून चमकतं.

आता मोठी दुरुस्ती निघाली आहे. छज्ज्यांतल्या सळया गंजून फुगल्यात, प्लास्टर सुटतंय, ते काम व्हायलाच हवं. कंत्राटदार मात्र जाळ्या काढून स्टीलचं रेलिंग आणि मोझॅकवर व्हिट्रिफाइड टाइल्स सुचवतोय, आणि सोसायटीत बऱ्याच जणांना ते पटलंय. मला हे अजिबात मान्य नाही.

ओव्हल मैदानालगतच्या आणि मरीन ड्राइव्हच्या आर्ट डेको इमारतींना 2018 मध्ये युनेस्कोचा जागतिक वारसा दर्जा मिळाला. वास्तुविशारद गजानन म्हात्रे यांचं एम्प्रेस कोर्ट, सूना महाल त्यातच येतात. आम्ही त्या हद्दीबाहेर.

जुन्या मोझॅकला रंग-खडी जुळवून ठिगळ लावणारा, पॉलिश करणारा कारागीर कोणाला माहीत आहे का? मूळ नकाशे महापालिकेतून कोणी मिळवलेत का, अर्ज कुठल्या खात्यात करायचा? आणि तुमच्या सोसायटीने अशी दुरुस्ती केली असेल तर खर्चाचा अंदाज नक्की सांगा, सभेत आकडे मांडता येतील.