शब्दचर्चा : ‘ओव्हरप्रोनेशन’ मराठीत कसं सांगायचं? आणि ‘सपोर्टवाला बूट’ म्हणजे नेमका कोणता?

जळगाव (प्रश्न)

मेहरूण तलावावर सकाळी धावायला-चालायला येणाऱ्यांसाठी बूट निवडीवर एक पान लिहायला घेतलंय. वाचणारे दोन तऱ्हेचे. एक, पोलीस भरतीची पोरं, ज्यांना १६०० मीटर वेळेत मारायचंय. दुसरे, पन्नाशी ओलांडलेले, ज्यांना डॉक्टरांनी ‘चाला’ म्हणून सांगितलंय. दोघांच्याही कानावर एक शब्द पडलेला असतो, ओव्हरप्रोनेशन, आणि दोघेही त्याचा अर्थ ‘सपाट पाय’ असा लावून मोकळे होतात.

मला तीन शब्द हवेत. पाऊल टेकल्यावर घोटा आतल्या अंगाला कलतो आणि कमान दबते, त्या हालचालीसाठी एक. ती हालचाल गरजेपेक्षा जास्त झाली तर तिच्यासाठी दुसरा. आणि अशा पावलाला चालेल त्या बुटासाठी तिसरा. मैदानाच्या एका टोकावरून ओरडून सांगितला तरी कळेल असा शब्द पाहिजे. ‘अवतानन’ वगैरे मला सापडलाय, तो नको.

अमळनेर

‘अवतानन’ नको हे मान्य, पण तो शब्द कुठून आला ते बघा, मजा आहे. मूळ लॅटिन शब्द दोन : एकाचा अर्थ पालथा, दुसऱ्याचा उताणा. हाताला ते चपखल बसतात. तळहात जमिनीकडे केला की प्रोनेशन, आभाळाकडे केला की सुपिनेशन. आपल्याकडे हात पालथा करणे, हात उताणा करणे हे अगदी रोजचं बोलणं आहे, त्यामुळे हातापुरता प्रश्न मिटलेलाच आहे.

पावलाला मात्र हे शब्द लावता येत नाहीत. मराठीत पाऊल पालथंच असतं, त्याला वेगळं पालथं काय करणार? ‘उलटी पावलं’ म्हणाल तर पोरांना हडळ आठवेल. तेव्हा लॅटिनचं बोट सोडा आणि डोळ्यांना जे दिसतं त्यावरून क्रियापद शोधा. कलणे, झुकणे, लवणे, ढळणे, कलंडणे, दबणे. नाम नंतर बघू.

आणि ‘पाय’ लिहू नका, ‘पाऊल’ लिहा. मराठीत पाय मांडीपासून सुरू होतो. ‘पाय आत वाकतो’ वाचून निम्मे लोक गुडघ्याकडे बघतील.

नंदुरबार

अहिराणीत आम्ही सरळ म्हणतो, ‘पाय मझार पडस’, म्हणजे पाय आत पडतो. झालं की काम. पण सरांच्या नियमाने इथंही ‘पाय’ आलाच!

धुळे

मी फिजिओथेरपिस्ट आहे. शब्द ठरवण्याआधी हालचाल नीट समजून घेऊ, नाहीतर शब्द सुंदर आणि अर्थ चुकीचा असं होईल.

चालताना टाच साधारणपणे बाहेरच्या कडेवर टेकते. मग वजन पुढे येतं तसं पाऊल आतल्या बाजूला वळतं, कमान थोडी खाली येते, जमिनीचा धक्का पसरतो. पुढे टाच उचलली की पाऊल पुन्हा ताठ होतं आणि चवड्यावरून, अंगठ्याकडून रेटा देतं. ही आतली हालचाल म्हणजे प्रोनेशन. तिच्यावाचून माणूस नीट चालूच शकणार नाही. ती आजार नाही, दोष नाही, व्यंग नाही. म्हणून पहिल्या शब्दात दोषाची छटा आली तर मी हरकत घेणार. ‘वाकडं पडणं’ मला नको. ‘ढळणं’ही नको, ते तोल ढळल्यासारखं वाटतं.

‘सपाट पाऊल’ ही वेगळी गोष्ट. तो उभ्या पावलाचा आकार आहे. प्रोनेशन ही हालचाल आहे. ओलं पाऊल फरशीवर उमटवून बघतात त्यात आकार दिसतो, हालचाल दिसत नाही. सपाट ठसा उमटवणारी माणसं आयुष्यभर कुरकुर न करता धावतात. उलट, उभं असताना छान कमान असलेलं पाऊल पळताना भरपूर आत जाताना मी पाहिलं आहे.

सपाट पावलातही दोन प्रकार. चवड्यावर उभं राहायला सांगायचं. टाच उचलल्यावर कमान परत दिसली तर पाऊल लवचीक. नाही दिसली तर ताठर, आणि तिथं बूट शोधत बसण्याआधी हाडांच्या डॉक्टरांना दाखवायचं. भरतीच्या पोरांना हे मुद्दाम सांगा. ‘फ्लॅट फूट’ निघालं म्हणजे संपलं, अशी धास्ती असते त्यांना. लष्कराच्या अधिकारी प्रवेशाच्या वैद्यकीय निकषांतसुद्धा चवड्यावर उभं राहिल्यावर कमान परत येत असेल, चवड्यांवर नीट पळता येत असेल आणि पाऊल लवचीक, न दुखणारं असेल, तर उमेदवार चालतो.

जळगाव

ताई, हे आकार आणि हालचाल वेगळं करून सांगितलं ते बरं झालं. पानावर पहिलं वाक्य हेच येणार.

मग पहिला शब्द ‘लवणे’ कसा वाटतो? लवलेलं परत सरळ होतं, हे त्या क्रियापदातच आहे. पाऊल आत लवतं आणि परत उठतं. जास्त झालं तर ‘कलंडतं’.

अमळनेर

‘लवणे’ उत्तम. डोळ्याची पापणी लवते, फांदी लवते, कशालाच दोष लागत नाही. ‘कलंडणे’ मात्र जरा जड आहे, बैलगाडी कलंडते. पण ‘ओव्हर’ला नुसता ‘अति’ लावण्यापेक्षा क्रियापद बदलणं मराठीला जास्त मानवतं. ‘अतिलवन’ लिहिलंत तर मी या चर्चेतून उठून जाईन.

पाचोरा

एवढा खटाटोप कशाला? पोरं ‘स्टॅमिना’, ‘वॉर्मअप’, ‘लॅप’ म्हणतातच ना? ‘प्रोनेशन’ पण म्हणतील. दुकानात जाऊन ‘माझं पाऊल कलंडतं’ म्हटलं तर दुकानदार कुठला बूट काढणार?

भुसावळ

दुकानदार इथंच बसलाय, म्हणून बोलतो. माझ्याकडे अजून एकानंही ‘ओव्हरप्रोनेशन’ म्हणत बूट मागितलेला नाही. गिऱ्हाईक म्हणतं, ‘काका, बूट आतून बसतो’, ‘चप्पल एका अंगानं झिजते’, ‘नडगी दुखते’. आणि शेवटी सगळ्यांचं एकच, ‘सपोर्टवाला दाखवा’.

खरा घोळ या ‘सपोर्ट’मध्ये आहे. एकच शब्द, आणि त्याखाली तीन निरनिराळ्या वस्तू विकल्या जातात.

पहिली, आतला सुखतळा. कमानीखाली उंचवटा असलेला. हातात घेतला की जाडजूड दिसतो, गिऱ्हाईक खूश. पण हा काढता-घालता येतो, बुटाचा सांगाडा त्यानं बदलत नाही. मऊ फोमचा असेल तर थोड्याच दिवसांत चेपतो.

दुसरी, टाचेमागची कडक वाटी. अंगठ्यानं दाबून बघा. सहज आत गेली तर टाच धरून ठेवायला तिथं काही नाही.

तिसरी, बुटाच्या मधल्या तळात आतल्या अंगाला घातलेला घट्ट फोम. बऱ्याच बुटांना तो वेगळ्या, राखाडी रंगाचा असायचा, म्हणून डोळ्यांनी ओळखता यायचा. कंपनीवाले ‘स्टॅबिलिटी शू’ म्हणतात तो हाच. याहून जड, रुंद आणि ताठ तो ‘मोशन कंट्रोल’. ज्यात असं काहीच नाही तो ‘न्यूट्रल’.

आता हेही बदलतंय. ॲसिक्सचा कायानो हा स्टॅबिलिटीतला जुना गडी, १९९३ पासूनचा. २०२३ ला तिसावा कायानो आला त्यात तो कडक तुकडा काढून टाकला, रुंद तळ आणि आतल्या अंगाला मऊ फोम अशी रचना केली. ब्रुक्सच्या ॲड्रेनालिनमध्ये टाचेच्या दोन्ही बाजूंना कठड्यासारख्या पट्ट्या आहेत. म्हणून ‘राखाडी पट्टी बघा’ हा सल्ला पानावर छापू नका, शिळा झालाय.

जळगाव

काका, ‘सुखतळा’ हा शब्द मी विसरलोच होतो. आमच्या पिढीनं ‘इनसोल’ म्हणून टाकला. पानावर सुखतळाच लिहितो.

झिजण्यावरून सांगता येतं का हो? सगळे बुटाची टाच उलटी करून दाखवतात.

भुसावळ

टाच बघून नाही. टाच बाहेरून झिजणं हे बहुतेकांचं असतंच, ताईंनी वर सांगितलं तसं टेकतेच ती बाहेरून. चवडा बघा. अंगठ्याखाली, आतल्या कडेला गुळगुळीत झालाय का? मग बूट टेबलावर ठेवून मागून, टाचेच्या बाजूनं बघा. सरळ उभा आहे की आत झुकलाय? अलाइनमेंट बिघडलेल्या गाडीचा टायर आतून खातो ना, तसंच हे. फक्त बूट असा दिसला म्हणजे माणूस बिघडला असं नाही. गाडीला धक्का लागत नसेल तर मी टायर बदलायला सांगत नाही.

चाळीसगाव

आमचे मामंजी दर चैत्रात पायी वणीच्या गडावर जातात. गेल्या वर्षी मुलानं कौतुकानं महागडा स्टॅबिलिटी बूट आणून दिला, ‘आबा, तुमचं पाऊल सपाट आहे’ म्हणून. आधी कधीही पावलाची तक्रार नव्हती. तो बूट घालून आतल्या कडेला टोचायला लागलं, अर्ध्या वाटेवर चप्पल काढली आणि बाकीचा रस्ता चपलेवर. सपाट पावलाला आधार हवाच असं काही आहे का?

धुळे

नाही. आणि या बाबतीत अभ्यास झालेले आहेत, म्हणून नुसतं माझं मत सांगत नाही.

डेन्मार्कमध्ये ९२७ नवख्या धावकांना एकाच प्रकारचा न्यूट्रल बूट देऊन वर्षभर पाहिलं. निष्कर्ष २०१४ मध्ये छापून आले. मध्यम प्रोनेशन असलेल्यांना सरळ पावलवाल्यांपेक्षा जास्त दुखापती झाल्या नाहीत. अमेरिकेच्या लष्करात, हवाई दलात आणि मरीनमध्ये प्रशिक्षणार्थींच्या पावलाचा आकार पाहून बूट वाटले, आणि दुसऱ्या गटाला सरसकट एकाच प्रकारचे. दुखापतींत म्हणण्यासारखा फरक पडला नाही. थोडक्यात, ठसा उमटवून बूट ठरवणं ही दुकानातली पद्धत आहे, वैद्यकातली नव्हे.

पण दुसरी बाजूही आहे. लक्झेंबर्गमधल्या ३७२ हौशी धावकांना अर्ध्यांना साधा आणि अर्ध्यांना मोशन कंट्रोल बूट दिला, कोणता दिला ते न सांगता, आणि सहा महिने नोंदी ठेवल्या. २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात मोशन कंट्रोलवाल्यांना दुखापती कमी झाल्या, आणि तो फायदा मुख्यतः आत कललेल्या पावलांनाच दिसला. म्हणजे हे बूट निव्वळ थोतांड नाहीत.

माझा क्रम असा. दुखत नसेल आणि आताचा बूट सोसतोय, तर पाऊल कसंही लवो, तसलाच बूट पुन्हा घ्या. नडगीचा आतला भाग, घोट्याची आतली बाजू किंवा टाचेचा तळवा वारंवार दुखत असेल आणि पाऊलही स्पष्ट कलंडत असेल, तर हलका स्टॅबिलिटी बूट घालून बघा. मोशन कंट्रोल सगळ्यात शेवटी. आबांना सांगा, त्यांची चप्पल त्यांना लखलाभ.

एका गोष्टीत मात्र थांबू नका. पन्नाशीनंतर एकाच पावलाची कमान हळूहळू बसायला लागली, घोट्याच्या आतल्या बाजूला सूज आली आणि त्या एका पायावर टाच उचलता येईना, तर पोटरीतून कमानीकडे येणारा स्नायुबंध दुखावलेला असू शकतो. तिथं बुटाची चर्चा बाजूला ठेवायची आणि तपासून घ्यायचं.

पाचोरा

बरं, हरलो. पण तिसरा शब्द अजून ठरला नाही. ‘आधारबूट’? वृद्धाश्रमातल्यासारखं वाटतं.

नंदुरबार

आधार म्हटलं की आमच्या पाड्यावर लोक कार्ड काढायला धावतील.

अमळनेर

तिसऱ्यासाठी नाम कशाला हवं? ‘आतून घट्ट बूट’ म्हणा. सुखतळा नव्हे, टाचेची वाटी नव्हे, तळच आतल्या अंगाला घट्ट, हे तीन शब्दांत कळतं.

भुसावळ

‘आतून घट्ट’ म्हटलं की गिऱ्हाईक समजेल बूट आवळतोय, एक नंबर मोठा मागेल. ‘आतल्या कडेनं कडक’ म्हणा. आणि दुकानात ‘स्टॅबिलिटी’ म्हणा, तिथं पाचोरावाले भाऊ म्हणतात ते खरं आहे. खोक्यावर जे छापलंय तेच मागावं लागतं.

जळगाव

मग पानावर असं लिहितो, सर तपासा :

‘पाऊल टेकलं की आत लवतं. सगळ्यांचं लवतं, लवायलाच हवं. काहींचं जास्त लवतं, म्हणजे कलंडतं. सपाट पाऊल म्हणजे कलंडणारं पाऊल नव्हे. कलंडतंही आणि दुखतंही, तरच आतल्या कडेनं कडक, म्हणजे स्टॅबिलिटी बूट बघा. बूट संध्याकाळी घ्या, दिवसभरानं पाऊल थोडं फुगलेलं असतं. सगळ्यात लांब बोटापुढे अंगठ्याच्या रुंदीएवढी जागा ठेवा. बूट दोन्ही हातांत धरून वाकवा : चवड्याशी वाकला पाहिजे, मधे कमानीशी दुमडला तर ठेवून द्या. घालून दुकानात पळून बघा. पहिल्या मिनिटाला कमानीला टोचलं तर ‘सवय होईल’ हे ऐकू नका. साधारण ५०० ते ८०० किलोमीटरनंतर बुटाचा फोम बसतो, वरून कितीही नवा दिसो.’

अमळनेर

‘कलंडतंही आणि दुखतंही’ या वाक्याला अधोरेखा द्या. बाकी ठीक. ‘बूट संध्याकाळी घ्या’मध्ये ‘विकत’ घाला.

धुळे

एक भर. नवा बूट भरतीच्या आदल्या आठवड्यात घालायचा नाही. आधी छोट्या फेऱ्यांना, जुन्याबरोबर आलटून पालटून. मैदानी चाचणीच्या दिवशी पायात ओळखीचाच बूट पाहिजे.

भुसावळ

आणि दुकानात येताना जुना जोड पिशवीत घालून आणायचा म्हणावं. धुऊन आणू नका, माती असली तरी चालेल. तळ बघायचाय मला.

नंदुरबार

अहिराणीतलं पान मी करतो. ‘लवणे’ला आमच्याकडे काय म्हणतात ते घरी आजीला विचारून उद्या टाकतो.