मदत हवी आहे : कॉलिन वॉर्ड यांचं आणखी काय वाचावं?

नमस्कार मंडळी. ब्रिटिश अराजकवादी (म्हणजे सत्तेच्या हुकुमाशिवाय, आपसांतल्या सहकार्यानं समाज चालू शकतो असं मानणारे) लेखक कॉलिन वॉर्ड (१९२४–२०१०) यांच्यावर मराठीत लेख लिहायला घेतलाय. त्यांचं 'अनार्की इन अ‍ॅक्शन' (१९७३) हे पुस्तक वाचलं आणि पार भारावून गेले. क्रांतीच्या गर्जना नाहीत. वरून हुकूम नसताना माणसं मिळून काय काय उभं करतात, हेच ते दाखवत जातात. १९४६ साली ब्रिटनमध्ये बेघर कुटुंबांनी लष्कराच्या रिकाम्या छावण्यांत बिऱ्हाडं थाटली. स्वयंपाक, धुणीभांडी, मुलं सांभाळणं, सगळं आपापसांत वाटून! हा भाग तर मी पुन्हा पुन्हा वाचतेय.

त्यांनी १९६१ ते १९७० 'अनार्की' हे मासिक संपादित केलं. त्याचे जुने अंक कुठे वाचायला मिळतील? 'द चाइल्ड इन द सिटी' (१९७८) पुण्या-मुंबईच्या एखाद्या ग्रंथालयात कुणी पाहिलंय का? शहरातली मुलं रस्ता, जिना, मोकळी जागा कशी आपलीशी करतात, यावर मला सविस्तर लिहायचंय, त्यामुळे ते आधी हवंय. मराठीत वॉर्ड यांच्यावर कुणी लिहिलं असेल तर तेही जरूर कळवा.