८ थ्रेड लावले तर प्रोग्रॅम उलट हळू झाला, लॉक तर कुठेच नाही!

थ्रेडकरी: लॉगच्या मोठ्या फाइलमधल्या ओळी मोजायच्या आहेत. सी++ मध्ये ८ थ्रेड (एकाच वेळी चालणारे कामाचे धागे), प्रत्येकाला बफरचा वेगळा तुकडा आणि ८ बाइटचा स्वतःचा अ‍ॅटॉमिक काउंटर (ज्याची वाढ अर्धवट न होता एका झटक्यात होते). आठही काउंटर एकाच अ‍ॅरेत. कुणी कुणाच्या काउंटरला हात लावत नाही, तरी एका थ्रेडपेक्षा जास्त वेळ लागतो. टॉपमध्ये (कोअर किती व्यस्त ते दाखवणारी कमांड) ८ कोअर १०० टक्के दिसतात. मशीन दोन सॉकेटचं (म्हणजे दोन प्रोसेसर), प्रत्येकी ८ कोअर.

कॅशवाला: गोम अ‍ॅरेतच आहे. याला फॉल्स शेअरिंग म्हणतात. एक्स८६ प्रोसेसरवर कॅश लाइन (कोअरजवळच्या वेगवान मेमरीत एका वेळी येणारा तुकडा) ६४ बाइटची, म्हणजे तुमचे आठही काउंटर एकाच लाइनीत मावतात. कोअरला लिहायचं असेल तर ती लाइन त्याच्या एकट्याच्या ताब्यात हवी, म्हणून मेसी प्रोटोकॉल (कोअरांच्या कॅशमधल्या प्रती जुळत्या ठेवायचे नियम) इतरांकडच्या प्रती आधी बाद करतो. कोअर ० ने आपला काउंटर वाढवला की कोअर १ ची प्रत गेली. त्याला शेजारचा स्वतःचा काउंटर वाढवायला तीच लाइन परत ओढून आणावी लागते. एल१ मधून (कोअरची सर्वांत जवळची कॅश) वाचायला पाचेक सायकल लागतात, तर दुसऱ्या सॉकेटवरून लाइन आणताना शेकडो सायकल लागतात. टॉपला हे ताटकळणंही कामच वाटतं, त्या १०० टक्क्यांवर जाऊ नका.

थ्रेडच्या आत साधा लोकल व्हेरिएबल वाढवा आणि शेवटी एकदाच अ‍ॅरेत लिहा. ते जमत नसेल तर स्ट्रक्टला अलाइनअ‍ॅज(६४) लावा, म्हणजे प्रत्येक काउंटर वेगळ्या लाइनीवर बसेल. पण मग जागा मॅलॉकने (मेमरी मागायचं फंक्शन) घेऊ नका, तो ६४ च्या अलाइनमेंटची हमी देत नाही. खात्री करायची तर परफ सी२सी (लिनक्सचं मोजमापाचं साधन) चालवा, भांडणाची लाइन पत्त्यासकट दाखवतो.

थ्रेडकरी: लोकल व्हेरिएबल केला, फरक जबरदस्त. आता ८ पर्यंत वेग वाढतो, पण १६ थ्रेडला जेमतेम फरक. बफर मेन थ्रेडच भरतो.

न्यूमाप्रेमी: मग आता न्यूमा, म्हणजे प्रत्येक सॉकेटची मेमरी वेगळी, आपली जवळची आणि दुसऱ्याची लांबची. लिनक्स पान (मेमरीचा ठरावीक तुकडा) त्या नोडच्या (सॉकेट आणि त्याची मेमरी) मेमरीत ठेवतो, ज्यावरच्या थ्रेडने त्यात पहिल्यांदा लिहिलं. मेन थ्रेडने सगळा बफर भरला, म्हणजे बहुतेक सगळी पानं एकाच सॉकेटकडे. दुसऱ्या सॉकेटचे ८ कोअर लिंकपलीकडून वाचतात आणि एकाच मेमरी कंट्रोलरवर सगळी गर्दी. थ्रेड कोअरला बांधा आणि ज्याने मोजायचं त्यानेच आपला तुकडा भरायचा. तोवर न्यूमासीटीएलचा इंटरलीव्ह पर्याय (पानं सगळ्या नोडवर वाटून टाकणारा) लावून बघा. वेळ उतरला तर रोग हाच.

कॅशवाला: एक भर. फाइल वाचणं एकट्या मेन थ्रेडकडे असेल तर अ‍ॅमडालचं गणित (एकट्याने करायचं काम एकूण वेगाला मर्यादा घालतं) चुकत नाही. ५ टक्के काम सीरियल (एकामागून एक) राहिलं तर ८ कोअरवर ५.९ पट, १६ वर ९.१ पट, आणि कितीही कोअर लावले तरी २० पटीच्या वर नाही. वाचन आणि मोजणीचा वेळ आधी वेगवेगळा छापून बघा.