बोगोटा : खाण्याची पायी टूर घ्यावी, की आपलं आपण फिरावं?

पायवाट_७

नमस्कार मंडळी. फेब्रुवारीत बायकोची परिषद आहे बोगोटाला (कोलंबियाची राजधानी), मी शेपटासारखा मागे. तीन दिवस ती सभागृहात आणि मी मोकाट, पुढचे दोन दिवस दोघं बरोबर. जुन्या शहरात चालवत चालवत खायला घालणाऱ्या टूर असतात म्हणे, चारेक तासांच्या. घ्यावी का?

अडचणी सांगतो. मला काहीही चालतं, बायको शाकाहारी आहे (अंडं खाते). शहर २,६४० मीटरवर, आणि माझा दम दुसऱ्या मजल्यावरच संपतो. स्पॅनिशच्या नावाने शून्य. कुणी केली असेल तर खरं काय ते सांगा. "मस्त अनुभव, चुकवू नका" एवढंच लिहायचं असेल तर नका लिहू.

माजघर

मी दोन केल्या. एक वाया गेली, एक अजून आठवते.

लेक तिथे नोकरीला होती, तिच्याकडे दोन महिने राहिले. वय एकसष्ट, गुडघे कुरकुरतात. म्हणजे तुमच्या दमाची काळजी करू नका, मी केली तर तुम्हीही कराल. फक्त उतरल्या उतरल्या दुसऱ्या दिवशी जाऊ नका. पहिले दोन दिवस मला वेणी घालतानासुद्धा धाप लागायची. पाणी तिथे ९१ अंशांच्या आसपासच उकळतं. लेकीकडे कुकर नव्हता, राजमा शिजेना म्हणून मी त्या गॅसवर जे तोंडसुख घेतलंय!

पहिल्या टूरचं नाव सांगत नाही. सोळा माणसं, एक गाईड, तो छत्री उंच धरून पुढे पळतोय. नऊ ठिकाणी नऊ घास, त्यातले सहा तळलेले. प्रत्येक ठिकाणी "हे फार पारंपरिक आहे" एवढंच. घरी आल्यावर लेकीने विचारलं काय खाल्लंस, तर मला एम्पानादा (सारण भरलेली तळलेली करंजी) सोडून एक नाव आठवेना.

दुसरीत आम्ही सहाच होतो. गाईड तिथलीच मुलगी, तिशीची असेल. तिने सुरुवात जुन्या शहरात न करता पालोकेमाओच्या बाजारात केली. हा मोठा मंडई-बाजार आहे, फुलांचा आणि फळांचा. सकाळी जितकं लवकर जाल तितकी फुलं जास्त. तिने आधी बजावलं की इथे पोट भरायचं नाही, जीभ जागी करायची. मग एकेक फळ कापत गेली. लुलो बाहेरून नारिंगी, कापलं की आत हिरवंगार, आंबट असं की डोळा मिटतो. ग्रानादिया फोडायची, आतल्या बिया चावायच्या नाहीत, सुर्रकन ओढायच्या. दिसायला बेडकाच्या अंड्यांसारखं, एका जर्मन बाईंनी तोंड फिरवलं. मी दोन खाल्ल्या. उचुवा म्हणजे आपली रसभरी, ग्वानाबाना म्हणजे लक्ष्मणफळ, तिथे माझी कॉलर ताठ. रस मागितला की बाई विचारते, "एन आग्वा ओ एन लेचे?" पाण्यात की दुधात. लुलो पाण्यात, ग्वानाबाना दुधात, एवढं पाठ करून जा.

आणि पिवळी पिताया जपून. गोड असते, हात थांबत नाही. पण ती पोट साफ करायचं औषध म्हणूनच प्रसिद्ध आहे. गाईडने अर्धीच दिली. चार तास चालायचं असेल तर अर्धीच खावी.

याच बाजारात तिने एका जुडीतून पान खुडून माझ्या हातावर चुरडलं. ग्वास्कास. जगभर शेतकरी हे तण म्हणून उपटून टाकतात. बोगोटाची माणसं ते सुपात घालतात, आणि ते नसलं तर त्या सुपाला आहियाको म्हणतच नाहीत. वास ओल्या गवताचा, थोडा चहासारखा. दुपारी ला कांदेलारियात (हेच ते जुनं शहर, मध्ये टॅक्सी केली) आहियाको समोर आलं तेव्हा मला तो वास ओळखता आला. त्या टूरचे पैसे माझ्यापुरते तिथेच फिटले.

आहियाकोत बटाटा तीन जातींचा. पिवळा छोटा क्रिओया पूर्ण विरघळतो आणि सुपाला दाटपणा देतो, सबानेरा आकार धरून राहतो, पास्तूसा दोघांच्या मधला. पीठ नाही, कॉर्नफ्लोअर नाही, दाटपणा बटाट्याचाच. कोंबडीचे धागे, मक्याचं कणीस. साय आणि केपर्स (खारवलेल्या आंबटसर कळ्या) वेगळ्या वाट्यांत येतात, बाजूला भात आणि अवोकाडो. मी सगळं एकदम ओतायला निघाले तर गाईडने हात धरला. आधी नुसतं चाखायचं, मग एक केपर, मग साय. प्रत्येक चमच्याला चव बदलते.

शेवटी प्लाझा दे बोलिवार या मुख्य चौकाजवळ, काये ११ वर (काये म्हणजे रस्ता), ला पुएर्ता फाल्सा हे खाण्याचं दुकान. १८१६ पासूनचं. नावाचा अर्थ "खोटं दार", कारण समोर कॅथेड्रलचं बाजूचं दार आहे. जागा चिमुकली, वर जायला अरुंद जिना, माझ्या गुडघ्यांनी निषेध नोंदवला. तिथे गरम चॉकलेटबरोबर चीज येतं. चिजाचे तुकडे कपात बुडवायचे, तळाशी मऊ पडले की चमच्याने ओढून खायचे. ऐकून मी नाक मुरडलं होतं. नंतर दोन महिने जवळजवळ रोज घरी केलं. तेच गुळाच्या गरम पाण्याबरोबरही करतात, आग्वापानेला. पानेला म्हणजे सरळ सरळ गूळ. गूळ करण्यात भारताच्या खालोखाल कोलंबियाच, तरी त्यांना वाटतं हे फक्त त्यांच्याकडेच आहे!

तर, घ्या. पण आठापेक्षा जास्त माणसं असतील तर नको, आणि बाजार नसेल तर नको. पाचच ठिकाणं असतील तर उत्तम.

रिकामी_बशी

मी उलट सांगतो. टूरचे पैसे वाचवा. दुपारी बारानंतर कुठल्याही गल्लीत कामगार, कारकून ज्या दारात रांगेत उभे असतात तिथे जा. फळ्यावर "मेनू देल दिया" लिहिलेलं असतं, बोलीत कोरिएन्तासो. सूप, मग भात-डाळ किंवा घेवडा-मांस-केळं असं ताट, वर पेलाभर रस. मी तीन आठवडे यावर काढले. गाईड लागला नाही, बोट दाखवलं की ताट येतं. बिलाच्या वेळी "सर्विसियो" घालू का असं विचारतील, ती दहा टक्क्यांची टिप, ऐच्छिक असते.

माजघर

@रिकामी_बशी, बोट दाखवून ताट येतं हे खरं. पण त्या सुपात काय आहे हे बोटाला कळत नाही, आणि यांची बायको शाकाहारी आहे.

दक्षिणायन

तीन वर्षं राहिलो तिथे, दोन गोष्टी जोडतो.

टूरमध्ये चोरो दे केवेदोला नेतील. लहानसा चौक, १५३८ मध्ये शहर इथेच वसलं असं परंपरा सांगते. शेजारच्या नरसाळ्यासारख्या गल्लीत चिचा मिळते, मक्याची आंबवलेली, तुंब्याच्या वाटीत. बहुतेक गाईड "स्थानिकांचं प्राचीन पेय" म्हणून पुढे सरकतात. गोष्ट त्यापेक्षा मोठी आहे. १८८९ मध्ये लिओ कोप या जर्मन माणसाने बाव्हारिया ही बिअरची कंपनी काढली, आणि गरिबांच्या चिचाला प्रतिस्पर्धी आला. पुढे "चिचा माणसाला मठ्ठ करते" अशी पोस्टरं लागली. ९ एप्रिल १९४८ ला होर्हे एलिएसेर गाइतान या नेत्याला भर सातव्या रस्त्यावर गोळ्या घातल्या, शहर पेटलं, आणि दंगलीचं खापर चिचावरही फुटलं. त्याच वर्षी कायदा आला आणि घरगुती चिचा चोरून विकायची वस्तू झाली. गंमत अशी की ला पेर्सेवेरान्सिया ही वस्ती बिअरच्या कारखान्यातल्या कामगारांची, आणि आज चिचाचा उत्सव भरतो तो तिथेच. त्या वस्तीच्या मंडईत जेवणही फार चांगलं मिळतं. दुपारीच जा, आणि टॅक्सीने.

दुसरं, तिथला एक वाक्प्रचार लक्षात ठेवा : "नो दार पापाया". शब्दशः, पपई देऊ नका. म्हणजे चोराला आयती संधी देऊ नका. रस्त्यात फोन हातात धरून नकाशा बघणं ही पिकलेली पपई. नकाशाची गरजही नाही. डोंगर म्हणजे पूर्व. कारेरा म्हणजे डोंगराला समांतर रस्ते, काये डोंगराकडे जाणारे, दोन्हींना आकडे. मान वर करून डोंगर शोधला की दिशा कळते.

पायवाट_७

वा, भरभरून मिळालं. चिचाचं वाचून मी तर तिथेच बसणार! आता बायकोचं सांगा. टूरवाल्यांना "शाकाहारी" लिहून कळवलं, तर "काही हरकत नाही" असं एका ओळीचं उत्तर आलं. त्याचीच भीती वाटते.

माजघर

भीती बरोबर आहे. "सिन कार्ने" म्हणजे मांसाशिवाय म्हटलं तर तिथे कोंबडी येते, कारण कार्ने म्हणजे बहुधा गाईचं मांस. वाक्य पूर्ण म्हणायचं : "नो कोमो कार्ने, नि पोयो, नि पेस्कादो", मी मांस, कोंबडी, मासे काहीच खात नाही. आणि सुपासमोर एक प्रश्न : "एल काल्दो एस दे पोयो?" रस्सा कोंबडीचा का? आहियाकोत असतोच. वरून कोंबडी काढून "घ्या, शाकाहारी" म्हणतील, मनाने चांगलेच असतात, पण तेवढंच. तामाल म्हणजे केळीच्या पानात बांधून शिजवलेला मक्याच्या पिठाचा गोळा, बघून हात पुढे जातो, आत डुकराचं मांस आणि चरबी. घेवड्याच्या उसळीतही डुकराचा तुकडा लपलेला असतो.

तिने निर्धास्त खायचं ते असं : अरेपा म्हणजे मक्याची जाड भाकरी (लोणी किंवा चीज लावलेली), आल्मोहाबाना आणि पान दे बोनो हे चिजाचे पाव, चॉकलेट-चीज, ओब्लेया म्हणजे पापडासारख्या दोन पातळ चकत्यांमध्ये आटवलेलं गोड दूध, आणि सगळी फळं. अंडं चालतं म्हणता तर सकाळी चांग्वा मिळेल, दुधात पाणी, कांदा, कोथिंबीर आणि वर फुटलेलं अंडं. मला ते आजारपणाचं जेवण वाटलं. लेकीला आवडायचं. कदाचित तुमच्या बायकोलाही आवडेल, मी भरीस घालत नाही.

टूरवाल्यांना "शाकाहारी" लिहू नका, "प्रत्येक थांब्यावर तिला काय देणार ते लिहून पाठवा" असं विचारा. यादी आली तर पैसे भरा. फुकटच्या, टिपवर चालणाऱ्या टूरही असतात, त्यांच्यावर खाणं आपल्या पैशाने; मग तिचं तीच निवडू शकते, तेही वाईट नाही.

आणि एक. बाजारातली बाई तिला "सुमेर्से" म्हणेल. "आपली कृपा" अशा अर्थाचा जुना शब्द, तिथे तो मायेनेही म्हणतात आणि आदरानेही. माझ्याशी लेकीच्या वयाची पोर असं बोलली की मी न मागितलेला पपनसाएवढा अवोकाडो घेऊन घरी यायचे. चार वस्तू घेतल्या की "ला न्यापा?" असं हसून विचारा, म्हणजे वरताळा. एखादं लिंबू, एखादी रसभरीची मूठ मिळते.

पायवाट_७

यादी मागवली. सहापैकी दोन थांब्यांवर तिच्यासाठी "फळांची वाटी" लिहिलंय, बाकी चार ठिकाणी खरं काहीतरी आहे. माणसं आठच. शनिवारची घेतोय. रविवारची मिळत होती, पण त्या दिवशी सातवा रस्ता गाड्यांना बंद असतो म्हणे?

दक्षिणायन

हो, सिक्लोव्हिया. दर रविवारी आणि सुटीच्या दिवशी सकाळी ७ ते दुपारी २, मोठमोठे रस्ते सायकली आणि चालणाऱ्यांना मोकळे. १९७४ पासून चालू आहे. रविवारी तुम्ही दोघं नुसतं त्या रस्त्यावर चाला, कापलेला कच्चा आंबा मीठ-लिंबू लावून विकतात. सोन्याचं संग्रहालय सोमवारी बंद असतं, तेही रविवारीच उरका. फेब्रुवारी तसा कोरडा, तरी दुपारची सर कधीही येते. छत्री घ्या.

माजघर

येताना वाळवलेल्या ग्वास्कासची पुडी आणा, सुपरमार्केटात मिळते. मी आणली होती. घरी हौसेने आहियाको केलं, भाज्यांच्या रश्श्यात. वास तंतोतंत. पण तो पिवळा विरघळणारा बटाटा कुठून आणणार, सगळं पाण्यासारखं राहिलं. लेक फोनवर बघून म्हणाली, "आई, हे तू बटाट्याचं कालवण केलंयस." उरलेली पुडी डब्यात आहे, मधूनमधून उघडून वास घेते.