अनुभव धागा: ऐन कामात आडवं आलेलं इंग्रजी

परवा व्हॉट्सॲपवर पुन्हा तेच आलं: ‘न्यूज’ म्हणजे नॉर्थ, ईस्ट, वेस्ट, साउथ. अहो, ‘न्यू’चं अनेकवचन आहे ते, नव्या गोष्टी! असल्या फुल फॉर्मच्या पुड्या इथे नकोत. नोकरीत, दुकानात, घरात इंग्रजीचं एखादं स्पेलिंग किंवा शब्द तुमच्या आडवा आला असेल आणि त्यामागचं काही खरं हाती लागलं असेल, तर लिहा. लांबीचं बंधन नाही.

निवृत्त बँकवाला
आयुष्य काउंटरमागे गेलं. नव्याने रुजू झालेली पोरं ‘रिसीट’ लिहिताना ‘पी’ हमखास गाळत, आणि कर्ज या अर्थाचा ‘डेट’ लिहिताना ‘बी’. आमचे जुने हेडकॅशियर त्यांच्यापुढे लेजर उघडून धरायचे: “हे ‘डेबिट’ आहे ना? यातला ‘बी’ म्हणतोस ना? मग तोच तिकडे मुका बसलाय.” युक्ती नामी होती आणि इतिहासाला धरूनही होती. इंग्रजीने हा शब्द फ्रेंचमधून घेतला तेव्हा त्यात ‘बी’ नव्हताच. पुढे लॅटिनचं वेड लागलेल्या पंडितांनी मूळ ‘डेबिटुम’ आठवून तो घुसडला. लोकांनी उच्चार काही बदलला नाही. ‘डाउट’चंही तेच. ‘रिसीट’मध्ये ‘पी’ असाच आला, पण त्याच घराण्यातले ‘डिसीट’ आणि ‘कन्सीट’ सुटले. म्हणजे पंडितांनीही काम अर्धवटच केलं, अगदी सरकारी खाक्या!

शहमात
काका, चेक राहिला की! बुद्धिबळात आपण शह देतो, इंग्रज ‘चेक’ देतो, आणि दोन्ही फारसी ‘शाह’चेच वंशज. आधी राजाला रोखणं, मग काहीही रोखणं आणि तपासणं, आणि पुढे खोटेपणाला आळा घालणारा बँकेचा कागद. अमेरिकेत त्याच्या शेवटी साधा ‘सी-के’ असतो, ब्रिटिशांनी ‘क्यू-यू-ई’ लावून भारदस्त केलाय.

झेडपीच्या बाई
आम्ही पाचवीत एबीसीडी शिकलो. 2000 सालापासून ती पहिलीलाच आली. देवनागरीला सरावलेलं पोर इंग्रजीही दिसेल तसंच वाचतं. तिसरीतल्या एका पठ्ठ्याने फळ्यावरचा ‘नाइफ’ खणखणीत आवाजात ‘क्नीफ’ म्हणून वाचला. वर्ग फिदीफिदी हसला. मी म्हटलं, हसू नका रे, पाच-सहाशे वर्षांपूर्वी इंग्लंडातला शेतकरी जवळजवळ असंच म्हणायचा. तो ‘क’ साधारण 17व्या शतकात गळाला, पण छपाई त्याच्या कितीतरी आधीची. विल्यम कॅक्स्टनने वेस्टमिन्स्टरला छापखाना टाकला 1476 मध्ये. स्पेलिंग छापून छापून पक्कं होत गेलं आणि बोलणं बदलत राहिलं. ‘नाइट’मधला ‘जी-एच’ही तसलाच, पूर्वी तिथे घशातून ‘ख’सारखा आवाज निघे. जर्मनीत रात्रीला अजून ‘नाख्ट’ म्हणतात, आणि आपल्या नक्ताच्या उपासातला ‘नक्त’ त्याच गोत्राचा.

पालकसभेत एक वहिनी म्हणाल्या, “आपली मराठी बरी बाई, लिहिलं तसं बोलायचं.” मी फळ्यावर ‘चार’ आणि ‘चारा’ लिहिलं आणि दोन्हींतला ‘च’ म्हणून दाखवायला सांगितलं.

सांगलीकर पेंटर
आपला धंदा बोर्ड रंगवायचा, आता रेडियम आणि फ्लेक्स. दर अक्षरावर. एका सोनाराने ‘ज्वेलर्स’मधला एक ‘एल’ काढायला लावला. म्हणे, अमेरिकेत एकच असतो, मुलगा तिकडेच आहे. खरं होतं त्याचं. आठ अक्षरांचेच पैसे दिले गड्याने.

फर्निचरवाल्याने मात्र डोकं खाल्लं. ‘टीपॉय’मध्ये चहाचा ‘टी’ आहे, मग ‘पॉय’ म्हणजे काय? गल्ल्यावर बसलेल्या त्याच्या वडिलांनीच निकाल लावला: “अरे, तिपाई ती! तीन पायांची. साहेब तिच्यावर चहा ठेवायला लागला आणि स्पेलिंगात ‘टी’ शिरला.” आता त्या दुकानात चार पायांचे टीपॉय मिळतात.

जर्सीची आई
न्यू जर्सीहून. लेक स्पेलिंग बीच्या मागे लागली आहे. 2019 साली राष्ट्रीय स्पर्धेत मुलं चुकेचनात, शेवटी 8 जणांना एकत्र विजेते ठरवलं. त्यातली 7 भारतीय वंशाची! तेव्हापासून मंडळाच्या गणपतीतही आयांच्या याच गप्पा. लोकांना ही निव्वळ घोकंपट्टी वाटते, तशी ती नाही. शब्द कुठल्या भाषेतून आला हे विचारायची स्पर्धकाला मुभा असते. ‘ग्रीक’ असं उत्तर आलं की ‘फ’ला ‘पी-एच’ आणि ‘क’ला बहुधा ‘सी-एच’ धरायचं. खरा वैरी म्हणजे ‘श्वा’, तो पुसटसा ‘अ’. तो ए, ई, आय, ओ, यू कशानेही लिहिलेला असू शकतो, आणि तिथेच भलेभले घंटा ऐकून घरी जातात.

एकदा जेवताना लेक कोशातून वाचत होती: “मॉंगूस, फ्रॉम पोर्तुगीज, फ्रॉम मराठी.” सुट्टीला आलेली माझी आई ताटावरून म्हणाली, “मुंगूस होय?” लेकीचा पुढचा प्रश्न तयार होता: ‘गूस’चं ‘गीस’, मग ‘मॉंगूस’चं ‘मॉंगीस’ का नाही? आई म्हणाली, “बदकाचा काय संबंध? मुंगूस, मुंगसं!” कोशाने आजीचीच बाजू घेतली. ‘मॉंगूसेस’.

संबंधित आईला
गूस म्हणजे हंस हो, बदक नव्हे. आजींना सांगू नका.

आयटीतली
आमचा शब्द ‘रिव्हर्ट’. ‘आय विल रिव्हर्ट बाय इव्हिनिंग’ म्हणजे संध्याकाळपर्यंत कळवते. लंडनच्या क्लायंटचा तडक फोन: रिव्हर्ट कशाला, कालचा बदल उत्तम चाललाय! सॉफ्टवेअरमध्ये रिव्हर्ट म्हणजे केलेलं मागे घेणं. ‘प्रीपोन’वर मात्र मी ठाम आहे. ‘पोस्टपोन’च्या उलट शब्द हवाच होता, आणि ऑक्सफर्डच्या कोशानेही घेतलाय तो.

माजी सैनिक, सातारा
युनिटच्या ऑफिसात क्लार्क होतो. ‘कर्नल’ टाइप करताना नव्या पोरांना त्यातला ‘र’ काही सापडत नसे. फ्रेंचमधून ‘कोरोनेल’ आला, पुढे इटालियन ‘कोलोनेल्लो’च्या वळणाने स्पेलिंगात ‘एल’ बसला, तोंडात ‘र’च राहिला. आता ‘लेफ्टनंट’मधला ‘फ’ कुणीतरी शोधून द्या, स्पेलिंगात तर नाहीच. अमेरिकन ‘लूटेनंट’ म्हणतात, त्यांचं निदान कागदाशी जुळतं तरी.